सात रुपये रोज

काळ्या पिशवीत माती, शेणखत, मूठभर वाळू,
बोटानं भोक, भोकात बी.
दिवसाला दोनशे पिशव्या भरल्या
की सात रुपये.
हजेरीपटावर माझा अंगठा नव्हता, सही होती,
मराठी शाळेतली, सातवीपर्यंतची.
कारकुनानं भरमूचं भरमप्पा केलं
आणि मी तेही चालवून घेतलं,
सात रुपयांत आणखी काय काय चालवून घेतलं
ते आता मोजतोय.

साहेब म्हणाले, पडीक आहे, हिरवं करायचं.
मदभावीचा माळ नकाशावर पडीकच होता.
पवन्या होता, शेडा होता, मारवेल होतं,
कुसळी तर गुडघ्याला लागायची,
पण गवत मोजायचा रकाना कागदावर नव्हता.

लगमण्णा धनगर बांधावर काठी टेकून उभा.
"एन हच्चाकत्तीरी?"
म्हणालो, झाडं. तुझ्या मेंढरांना सावली होईल.
"मेंढराला सावली कशाला, मालक?
ऊन झालं की एकमेकाच्या पोटाखाली
डोकं घालतंय की ते."
आम्ही सगळे हसलो. मुकादमही.

तिसऱ्या वर्षी शेंगा आल्या, पिवळ्या, गोड.
मेंढरांनी खाल्ल्या,
आणि जिथं जिथं कळप बसला
तिथं तिथं लेंडीतनं ती उगवली.
पिशवी नाही, पाणी नाही, सही नाही,
कुणी रोज दिला नाही तिला.

आम्ही म्हणतो वेडी बाभूळ.
कानडीत बळ्ळारी जाली.
बळ्ळारीत काय म्हणतात विचारलं पाहिजे,
तिथंही दुसऱ्याच गावावर ढकलली असणार.
वेडी तर ती नव्हेच.
इतका हिशेबी जीव मी दुसरा बघितला नाही.

खोटं कशाला बोलू, चूल तिच्यावर पेटली.
माझी बहीण गोदाक्का, नवरा गेल्यावर
तिनं कोळशाच्या भट्ट्या लावल्या,
अथणीच्या हॉटेलांना पोती घातली,
दोन पोरींची लग्नं त्या धुरातनं निघाली.
अजून गावात कुणी झाडाला शिवी देणार असेल
तर आधी बघतो,
गोदाक्का जवळपास नाही ना.

तणमोर पावसाळ्यात गवतातनं उडी मारायचा,
मादीनं बघावं म्हणून,
सकाळपासनं दिवेलागणीपर्यंत, पुन्हा पुन्हा.
काट्यात उडी कोण मारेल?
चंडोल वर जाऊन गायचा तसा एक दिवस गायला,
आणि उतरायला मोकळी जमीन धुंडत
लांब ऐनापूरकडं गेला.
लांडगा कधी गेला ते कळलंच नाही.
लगमण्णाला कळलं असेल,
त्याची कुत्री रात्री झोपायला लागली.

मग त्याच्या एडक्याच्या खुरात काटा मोडला.
पू झाला. दुसऱ्याच्या, तिसऱ्याच्या.
कळप विकला तेव्हा व्यापारी लोकर चाचपून म्हणाला,
स्वच्छ आहे, एक कुसळ नाही.
लगमण्णानं जन्मभर कुसळाला शिव्या दिल्या होत्या,
कातरताना बोटं सोलायची त्याची.
त्या दिवशी तो काही बोलला नाही.

आता त्याचा नातू जेसीबी चालवतो.
पंचायतीचा ठेका आहे,
तीच झाडं उपटायचा. तासाला बाराशे.
उपटल्या जागी उरल्या बुंध्यातनं
महिन्यात पाच पाच फुटतात.
ठेका पुढच्या वर्षीही निघेल.

लगमण्णा गेला तेव्हा सुनेनं
त्याचं जुनं घोंगडं मला दिलं. का, ते विचारलं नाही.
उन्हात झटकताना काठाच्या विणीत
बोटाला लागलं काहीतरी. कुसळ.
पीळ घातलेलं, काळपट, तीस-पस्तीस वर्षांचं.
तळहातावर ठेवलं, तांब्यातला एक थेंब सोडला.

आधी काहीच नाही.
मग ते वळलं. अर्धा वेढा,
थांबून आणखी अर्धा,
आत शिरायला जागा शोधत.
माळावर मशीन चालू होतं.
टोचलं.
मी हात हलवला नाही.