नऊनंतर

मोरकँबच्या समुद्राला ओहोटी लागली
की तो इतका लांब जातो, वाटतं गेला तो गेलाच.
आमच्या वृद्धाश्रमाच्या खिडक्या त्याच बाजूला.
सहाला पडदे ओढायचे,
सातला गोळ्या,
आठला कोमट दूध, झाकणाच्या पेल्यातून.
‘शाब्बास आर्थर, सगळं संपवलंस!’
असं म्हणायचं. ट्रेनिंगमध्ये सांगितलंय.

आर्थर रिमर, वय अठ्ठ्याऐंशी.
हेशमच्या गोदीत तीस वर्षं क्रेन चालवली,
दोन बायकांना मूठमाती दिली,
आणि मी, सांगलीची, त्याच्या मुलीहून लहान,
त्याच्या गळ्यातलं लाळेरं सोडता सोडता म्हणते
गुड बॉय.

शनिवारी मात्र कुणी झोपायला जात नाही.
पाय दुखत नाहीत, थंडी वाजत नाही,
रिमोट विनिफ्रेडच्या शालीखाली लपवलेला असतो.
नऊ वाजतात.
जुन्या कार्यक्रमांच्या त्या चॅनेलवर
एक बाई भारदस्त आवाजात सांगते:
यापुढचा कार्यक्रम फक्त प्रौढांसाठी.

आणि मी बघते, दर शनिवारी बघते,
अकरा खुर्च्यांमधल्या अकरा पाठी
बोटभर ताठ होतात.
दिवसभरात पहिल्यांदाच
कुणीतरी त्यांच्याविषयी बोललेलं असतं.

मग मखमली कोटातला तो घामेजलेला विदूषक,
नाकानं बिगूल वाजवणारा,
लुगडं नेसावं तसा गाऊन खोचून
मावशी झालेला एक मिशाळ बाप्या,
आणि पिसाऱ्यांच्या पोरी, रांगेनं,
मांड्यांवर टिकल्यांचा पाऊस.
म्यूरिअल म्हणते, डावीकडून तिसरी. ती मी.
गेल्या शनिवारी ती पाचवी होती.
कुणी दुरुस्त करत नाही.

आमच्या गावात उरुसाला फड यायचा
तेव्हा आम्हा बायकांना आतून कडी.
माळवदावर पडून नुसती ढोलकी ऐकायची,
शिट्ट्या मोजायच्या.
वडील पहाटे यायचे, पान रंगलेले,
आणि दुसरा अख्खा दिवस
उगाचच सगळ्यांशी चांगले वागायचे.
आईला एकदा त्यांनी चहा करून दिला.
काय असेल तिथे असं,
मी विचारलं होतं. थोबाडीत बसली होती.

परवा विदूषकानं विनोद केला,
एक पाद्री, एक विधवा, आणि सायकलचा पंप.
खोली फुटली.
विनिफ्रेडची कवळी मांडीवर पडली,
आर्थरच्या नळीतला ऑक्सिजनसुद्धा हसल्यासारखा शिटी मारू लागला.
मी तेवढी कोरडी, हातात लघवीचं भांडं.
त्यानं बघितलं. म्हणाला, बस इकडे पोरी.
आणि अगदी हळू, एकेक शब्द सोपा करून,
मी त्याला गोळ्या समजावते तसं
पंपाचं मर्म समजावलं.
मला कळायला अर्धं मिनिट लागलं.
मग कानाच्या पाळ्यांपर्यंत तापले,
तोंडावर टॉवेल धरून हसले,
पोट दुखेपर्यंत,
त्रेचाळीस वर्षांची मी, कडी उघडल्यासारखी.
गुड गर्ल, तो म्हणाला.

रजिस्टरात लिहिलं:
नऊ ते साडेदहा टीव्ही. लघवी दोनदा. तक्रार नाही.

रविवारी सकाळी चमचा त्याच्या तोंडाशी नेला,
शाब्बास ओठावर आलं, गिळलं.
म्हटलं, घ्या, मिस्टर रिमर.
मनात म्हटलं ते ‘घ्या’, तोंडानं इंग्रजीच.
त्या भाषेत तू आणि तुम्ही एकच,
म्हणून कळायचं काही कारण नव्हतं.
तरी त्यांनी मान वर केली,
माझ्याकडे नीट बघितलं,
आणि म्हणाले,
लापशी गार आहे.