पुस्तकात चुना नव्हता

यावलच्या शाळेची पडकी भिंत बांधायला
मेहरबान तडवी आला, त्या वर्षी मी नववीत.
मधल्या सुट्टीत लिंबाखाली
तो कळण्याच्या भाकरीचं फडकं सोडायचा
आणि म्हणायचा, "वाच वं माय, काल कुठी राह्यलो व्हतो?"

वाचनालयाचा ग्रंथ माझ्या मांडीवर मावत नसे.
त्यातली साडेतीन पानं. सिनान, तुर्कांचा मिस्तरी.
पुतण्यानं आखातातून आणलेल्या कॅलेंडरचं वर्ष संपलं,
तारखा चुलीत गेल्या,
एदिर्नेचा घुमट तेवढा तडवीच्या भिंतीवर राहिला.
रात्री चिमणी जवळ धरून
तो त्याला ओळंब्याच्या दोरीनं मोजायचा.

मी वाचलं: सैन्यात होता, नद्यांवर पूल बांधले.
"तरीच," तो म्हणाला. "पुलावर शिकला.
पानी खोटं चालू देत नाही."
मी वाचलं: पन्नाशीच्या आसपास मुख्य मिस्तरी झाला.
त्यानं बोटांवर आपलं वय मोजलं,
करंगळीपाशी अडला, पुन्हा मोजलं,
आणि भाकरीचा तुकडा कावळ्याला टाकला.

मग तो जे विचारायचा ते कुठेच नसायचं.
चुना किती दिवस भिजत ठेवला?
घुमटाच्या पोटाखाली बल्ल्या कोणत्या झाडाच्या?
वरून कोणी पडला का?
पडला तर त्याच्या बायकोला काय दिलं?
मी पानं मागेपुढे करायची.
सुलतान होते, वेढे होते, सनावळ्या होत्या.
चुना नव्हता.

एक ओळ मात्र त्यानं चारदा वाचायला लावली:
पहिल्या मोठ्या मशिदीला सिनान आपली उमेदवारी म्हणे,
दुसरीला कारागिरी,
आणि ऐंशी ओलांडल्यावरच्या तिसरीला उस्तादी.
थापी पालथी घालून तडवी बराच वेळ बसला.
पाटाच्या सात मोऱ्या, सरपंचाचा गोठा,
आमच्या शाळेची भिंत.
"माही तं उमेदवारीबी सरली नाही."

आणि ती काजळीची गोष्ट.
म्हणे, दिव्यांचा धूर एका खोलीत ओढला जाईल
अशी हवेची वाट त्यानं बांधली,
आणि जमलेल्या काजळीची शाई केली.
खरं की सांगोवांगी, पुस्तकालाही ठाऊक नव्हतं.
तडवीनं बोट ओलं करून हवेत धरलं.
घंटा झाली तरी खाली घेतलं नाही.

पुढं सातपुड्याच्या पायथ्याशी, केळी संपतात तिथं,
त्याच्या वस्तीनं वर्गणी काढली.
अकरा हातांचा घुमट. उगवतीकडे किंचित बसका,
जवळून कळत नाही, बांधावरून कळतो.
दाराच्या वर त्यानं मुठीएवढा कोनाडा सोडला, कारण सांगितलं नाही.
दिवे तर विजेचे होते. काजळी कुठून येणार?

पण वाऱ्याच्या अंगाला जिनिंग आहे.
कार्तिकात सरकी सुटते, उडतो तो सगळा रुसवा-फुगवा कापसाचा
घुमटाला वळसा घालून
त्या कोनाड्यात येऊन बसतो.
त्याची सून रुबाबबी शिडी लावून काढते.
दोन वर्षांत एक उशी भरते, पोरासोरांची.

मी आता त्याच शाळेत भूमिती शिकवते.
वर्तुळ काढताना खडू मोडला की
मुलं हसतात, मी हसू देते.

परवा वाचनालयात तो ग्रंथ पुन्हा काढला.
चौथ्या पानाच्या समासात, जिथं अर्धंच पान आहे,
पांढरा अंगठा.
रेषा अजून मोजता येतात.
तेव्हाच्या ग्रंथपालांनी, खोंडे नाव त्यांचं,
पुस्तक खराब केलं म्हणून
माझ्याकडून आठ आणे दंड घेतला होता.