आरग

मिरज जंक्शन, शेवटचा फलाट, पहाटेचे साडेचार.
मी तासगावच्या वसतिगृहाची भिंत उडी मारून आलेला,
गुडघ्याला चुना, वय अकरा.
ती लेकाचे बूट घालून आलेली,
दोन मापं मोठे,
चवड्यात पेपरचे बोळे कोंबलेले.

"कुणाचा रं तू?"
"कुणाचाच नाय."
"मग बरं हाय," म्हणाली,
आणि बाकावर जरा सरकली.

हौसाबाई भिलवडे, कुपवाड, तिसरा मजला.
कामावर जाताना सून बाहेरनं कडी घालायची.
"पडशीला म्हंत्यात. घरात पडाय जागा तरी हाय व्हय?"
हसली. दात नव्हते.
ते घाईत घरीच राहिले, वाटीत, पाण्यात.

माझ्याकडं भडंगाची पुडी होती.
तिनं तिचा वाटा चहात भिजवला.
असलं काही मी आधी पाहिलं नव्हतं,
अजून कधीतरी तसंच खातो.

गाडीत टीसीनं विचारलं, हा कोण तुमचा?
"भाऊ."
टीसी तिकिटं हातात धरून बघतच राहिला.

सलगऱ्याला ती उठली.
"हितं कोण हाय तुमचं?"
"कोण बी न्हाई. म्हणून तर."
बूट काढून हातात घेतले,
रुळाकडेच्या बाभळींतून अनवाणी चालत गेली.
मागं वळून बघितलं नाही. बरं केलं,
मी रडत होतो.

मला कवठ्याला धरलं.
म्हातारी कुठं उतरली?
आरग, म्हणालो.
हवालदारानं कानफटात दिली.
परत विचारलं.

आरग.