दाखला

कंपनी अंबडहून मुसळगावला हलली
तेव्हा सगळं मोजून नेलं:
सात लेथ, दोन ड्रिल, पाण्याचं पिंप,
गणपतीचा फोटो, त्याच्यामागची पाल सोडून.
मस्टर मी मांडीवर घेऊन बसले
टेम्पोत, ड्रायव्हरशेजारी.

शिंद्याचा टोलनाका गेला, मोहदरीचा घाट चढलो
आणि घाटात कुठंतरी
(नेमकं वळण मला अजून सापडलेलं नाही)
परिमंडळ एकचं परिमंडळ दोन झालं.
माणशी दिवसाचे तेवीस रुपये
दरीत पडले.
आवाज आला नाही.
कठड्यावर माकडं होती, त्यांनी पाहिलं असेल.

जुना ठेका संपला, नवा लागला.
भामरेशेठ म्हणाले, सगळं कायद्यानं आहे,
आणि होतंही.
गॅसची टाकी मात्र घाटात उतरली नाही.
चहा सिन्नरलाही दहालाच.
खोलीभाडं तर चुंचाळ्याचंच,
कारण माणसं अजून तिथंच राहतात,
पहाटेच्या गाडीनं घाट चढून स्वस्त होतात,
रात्री उतरून पुन्हा महागाईत झोपतात.

यमुना भोये पॅकिंगला आहे, सुरगाण्याकडची.
तिला नवल वाटलं नाही.
‘आमच्या बांधापल्याड गुजरात, ताई.
तिकडं रोज निराळा, इकडं निराळा.
शेळी दोन्हीकडचं खाती,
दूध तेवढंच देती.’
आणि खोकी चिकटवत राहिली.

पण त्रिनाथ सबर पगाराच्या दिवशी मागे थांबला.
ओडिशाचा. हिंदी त्याची मोडकी, माझी त्याहून.
तीन भाऊ, तिघंही टर्नर,
एकाच उस्तादाच्या शिव्या खाऊन शिकलेले.
थोरला केरळात, मधला सुरतेला, हा इथं.
आईला पैसे तिघं एकाच तारखेला धाडतात.
आई बोटांवर मोजते.
थोरला गुणाचा.
मधला बरा.
धाकट्याला कसला तरी नाद लागलाय
असं ती फोनवर म्हणत नाही,
नुसतं विचारते, संध्याकाळी कुठं असतोस रे?

‘लिहून द्या,’ म्हणाला,
‘की मी पीत नाही. इथला दरच एवढा आहे.’

माझ्याकडे दाखल्यांचे नमुने आहेत,
अनुभवाचा, हजेरीचा, नोकरी सोडल्याचा,
बँकेला एक, रेशनला एक.
पोरगा वाया न गेल्याचा नाही.

तरी कागद घेतला.
दाखला देण्यात येतो की
श्री. त्रिनाथ सबर हे दारू पीत नाहीत,
पत्ते खेळत नाहीत,
रविवारी बोलावलं तरी येतात,
अंगठ्याला पट्टी असताना
त्यांनी एका पाळीत चारशे बुश काढलेले
मी स्वतः पाहिले आहेत.
त्यांचं काम थोरल्या भावाइतकंच आहे.
फरक आहे तो

इथं पेन थांबलं.
अधिसूचनेचा लिहू? अनुसूचीचा?
त्या बाईला हे शब्द कुठल्या भाषेत कळणार,
मला तरी कुठं कळतात,
मी नुसती बेरीज करते,
जानेवारीत एकदा, जुलैत एकदा, भत्ता बदलला की.
‘फरक आहे तो गावाचा’ असं लिहिलं.
बरोबर नव्हतं. खोडलं नाही.

सही शेठची नको, तुमची चालेल, म्हणाला.
शिक्का मात्र हवा.
आईला वाचता येत नाही, शिक्का ओळखते.
जांभळ्या शाईत बुडवून दाबून मारला.
त्यानं तिथंच फोटो काढला, पाठवला,
कागदाची घडी खिशात घालून गाडीकडे पळाला.

नंतर माझ्या लक्षात आलं,
शिक्का जुनाच आहे.
भामरे इंजिनिअरिंग, अंबड, नाशिक दहा.
म्हणजे आईच्या फोनमध्ये तो
अजून घाटाच्या अलीकडे,
तेवीस रुपयांसकट.

नवा शिक्का करायला टाकलाय म्हणतात.
मी आठवण करत नाही.