९६७.५१

नायब सुभेदार तुळाजी खामकरांची पुस्तकं
सुनेनं बोपोडीहून स्कूटरवर आणली,
कोलमच्या रिकाम्या पोत्यात.
‘सगळी एकाच देशावरची आहेत,’ म्हणाली,
‘घरी कोणी वाचत नाही. वॉशिंग मशीनला जागा हवीय.’

एकेचाळीस भरली.
रविवारी लष्करातल्या फुटपाथवरून घेतलेली,
आतल्या पुठ्ठ्यावर पेन्सिलीनं भाव: साठ, नव्वद,
एकावर, ‘दीडशे सांगत होता!’

मी नंबर टाकायला बसले.
नऊ म्हणजे इतिहास, सहा आफ्रिका, सात तिचं पोट,
मग टिंब.
टिंबानंतर काँगो:
दोनशेच्या वर भाषा, विषुववृत्त दोनदा ओलांडणारी नदी,
आणि खडकीच्या वाचनालयात सव्वा हात फळी.

मुखपृष्ठावर होडी, नाहीतर बंदूक धरलेलं पोर.
पहिल्या प्रकरणात तो राजा असतोच,
ज्यानं तो देश कधी डोळ्यांनी पाहिला नाही.
मग रबर. मग तांबं.
मग कोणीतरी कोणालातरी गोळी घालतं
आणि पुढची तीस वर्षं तळटिपांत जातात.
शेवटी लेखक विमानतळावर उभा, हताश.
लेखक नेहमी घरी पोचतो.

खामकर तिथे वर्षभर होते,
निळी टोपी, इस्पितळाचा तंबू, ड्रेसिंगचा ट्रे.
परत आल्यावर अठरा वर्षं
डिक्शनरी मांडीवर घेऊन इंग्रजी वाचत राहिले
आणि समासात मराठीतून भांडत राहिले.

‘पूल कसला? दोन ओंडके. मी गेलोय त्यावरून.’
‘जंगल शांत नसतं साहेब. रात्री तर शेजारच्याचा रेडिओ.’
‘साबूकंदाचा पाला कुटून पामतेलात.
आपलं अळूचं फदफदं, जरा कडसर.’
‘पान ८८ ते १४०: एकही माणूस जेवत नाही.’

नियम असा, की देणगीतली पुस्तकं
स्वच्छ करून मगच दाखल करावीत.
सहा मी करून टाकली होती,
न वाचता, चहा येईपर्यंत.

सातव्यात जुना फोटो निघाला.
तीन मुलगे, पांढरं कापड,
आणि मनगटांपुढे काही नाही.
टोपलीत चीक कमी भरला म्हणून, असं खाली छापलेलं.
समासात खामकरांनी एक अक्षर लिहिलं नव्हतं,
नुसती पेन्सिल टेकवून धरलेली,
टोक कागदापलीकडे गेलेलं.

माझ्या हातात खोडरबर होतं.
पहिलीपासून म्हणत आलेय हा शब्द,
त्याचा मागचा अर्धा कधी ऐकलाच नव्हता.
टेबलावर सहा पुस्तकांचा चुरा,
राखाडी, मऊ, फुंकायचा राहिलेला.

मग पुढची पुस्तकं मी वाचली.
म्हणजे समास वाचले.

तेविसाव्यात, पान २१२,
डोक्यावर गाठोडं, ‘विस्थापित स्त्री, पूर्व भाग’.
बाजूला: ‘हिचं नाव फुराहा. म्हणजे आपली आनंदी.
डावी पोटरी, अकरा दिवस ड्रेसिंग.
केळी मोजून देताना रोज एक कमी द्यायची
आणि पकडलं की हसायची.’
ही तीच होती का, कोण जाणे.
चेहरा अर्धा सावलीत, छपाई वाईट.
अठरा वर्षांत माणूस कोणालाही ओळखू लागतो.

सूचीत ती नव्हती.
त्यांच्या अक्षरक्रमानं आधी फॉरेस्ट, मग लगेच गोल्ड,
मधे अक्षर बदलतं म्हणून सोडलेली बोटभर कोरी जागा.
सव्वीस वर्षांच्या नोकरीत
मी पहिल्यांदा पुस्तकावर शाईचं पेन टेकवलं.
फुराहा, २१२.
देवनागरीत, जरा वाकडं आलं.

संध्याकाळी सुनेचा फोन:
‘मॅडम, पोतं परत मिळेल का? दळणाला लागतं.’
उद्या न्या, म्हटलं.
झटकताना तळातून पेन्सिल पडली,
दोन बोटं उरलेली, मागचं टोक चावलेलं.
ती परत करायची की दाखल करून घ्यायची,
ते अजून ठरत नाहीये.