आधी नाक

वाशीच्या मसाला मार्केटातले अकरा वजनकाटे तपासले,
बाराव्याचा मालक गावाला गेलेला,
म्हणून एक रात्र शिल्लक राहिली.
लॉजवाल्याने कागद पुढे केला:
आठ माणसं, पाच ग्लास, बेलापूर, सातवा मजला.
एक जागा रिकामी आहे, साहेब.

इतके पैसे देऊन इतकी थोडी
मी जन्मात प्यायलो नव्हतो.
जालन्यात आम्ही थोडक्यात पुष्कळ पितो,
शेव-कांद्याबरोबर, दाराकडे पाठ करून.

शिकवणारी बाई हर्षला मढवी.
पांढरा शर्ट, केस घट्ट बांधलेले, अत्तर नाही.
"आज साबणसुद्धा बिनवासाचा," म्हणाली.
"घाई नको. आधी नाक, मग जीभ.
घसा सगळ्यात शेवटी,
तो बिचारा नुसता रस्ता आहे."

ग्लास पोटाला रुंद, गळ्याशी आवळलेला,
काचेचा तांब्याच म्हणा.
पहिल्यात म्हणे मध.
दुसऱ्यात सफरचंद, ओलं गवत.
पुण्याचं एक जोडपं वहीत भराभर उतरवून घेत होतं.
मला दोन्हींत फक्त दारूचा वास येत होता
आणि तसं सांगायची चोरी.

तिसऱ्याला एक दाढीवाला, सिंगापूरला असतो,
डोळे मिटून म्हणाला,
"लवंग. नक्की लवंग. आणि मागून जायफळ."
सगळ्यांनी माना डोलावल्या.
मी हळूच बाही टेबलाखाली घेतली.
दिवसभर गोण्यांत उभा होतो मी.

मग चौथा.
नाक आत घातलं, आणि
रांजणीचा सरकारी दवाखाना, सकाळचे नऊ.
हिरवा पडदा. उकळत्या पाण्यात खुळखुळणाऱ्या सुया.
खिडकीपाशी माझा कंपाउंडर बाप
बाटलीला डकवायची कागदी पट्टी कातरतोय,
एक खाच, एक डोस,
एक खाच, एक डोस.
कपाटात स्पिरिटची बाटली, किल्ली त्याच्या जानव्याला.
महिनाअखेर हिशेब: थेंब इकडे नाही, तिकडे नाही.
आणि माझ्या सोललेल्या गुडघ्यावर कापसाचा बोळा.
"फुंकर मारू नको. झोंबू दे."

"तुम्हाला काय येतंय?"
"टिंक्चर आयोडीन," मी म्हणालो.
जोडपं हसलं. दाढीवाला पाणी प्यायला.
मढवीबाई हसल्या नाहीत.
"बरोबर आहे. कोळसा व्हायची राहून गेलेली माती
जाळतात तिकडे, तिच्या धुरावर धान्य वाळवतात.
बरेच जण हेच म्हणतात, पण दबकत."

मग खिडकीकडे बघत,
त्या पैशांत नसलेलं काहीतरी सांगितल्यासारखं,
"मला यात मीठ येतं.
ते खाली पार्किंग दिसतंय ना,
तिथे आमचं मिठागर होतं.
मी जन्मायच्या आधीच गेलं.
आजोबांच्या पायांच्या भेगांतून मात्र
वास काही गेला नाही. ओटीवर बसायचे,
आम्ही पोरं पायाशी."

एवढं बोलून तिने घोट तोंडात फिरवला
आणि पितळी भांड्यात थुंकला.
रात्री स्कूटर चालवायची असते म्हणाली,
घरी मुलगी तोंडाचा वास घेते.

"दोन थेंब पाणी टाका. वास उघडतो."
मी नको म्हणालो.
पाचव्यात काय होतं, आठवत नाही.
जाताना एक छापील कागद मिळाला, त्यावर माझं नाव,
आडनावात एक चूक.

सकाळी बारावा काटा.
पाच किलोला अकरा ग्रॅम कमी.
मालक म्हणाला, साहेब, एवढं चालतं की,
मिरचीत कोण बघतंय?
चहा मागवला त्याने, वर बिस्किटं.
मी चहा प्यायलो. शिक्का मारला नाही.
शर्ट बदललेला होता,
तरी लवंगेचा वास येतच होता.