स्वतःचा कोट

डॉक्टरचा कोट स्वतःचा असला
तर पंधरा रुपये जास्त मिळत.
म्हणून अण्णांनी प्रिन्सेस स्ट्रीटवरून जुना स्टेथोस्कोप आणला
आणि परळच्या शिंप्याकडून कोट शिवून घेतला.
खिशावर नाव घालू का, शिंप्यानं विचारलं.
कुणाचं?

सव्वीस वर्षं ते ऑपरेशन थिएटरच्या दारातून
बाहेर येत राहिले.
आत काहीच नसायचं.
एक पंखा, दोन खोके,
विडी ओढत बसलेला लाईटमन.
चष्मा काढायचा, मान खाली,
"आता सगळं वरच्याच्या हातात."
की कॅमेरा नायिकेकडे.

पडद्यावर नाव एकदाच आलं,
तेही कुडतरकरचं कुरतडकर होऊन.
आई आठवडाभर हसत होती.
अण्णा म्हणाले, बरोबरच छापलंय,
कडा कुरतडूनच चाललंय आपलं.

पुढे वरळीला टीव्ही केंद्र झालं
आणि त्यांना बढती मिळाली : मुख्याध्यापक, मामंजी,
एकदा तर भातावरच्या करप्याचे तज्ज्ञ.
नाटकाच्या थेट प्रक्षेपणात नायक वाक्य विसरला,
तेव्हा अण्णांनी तांब्यातलं पाणी
इतकं सावकाश ओतलं, इतकं सावकाश प्यायलं
की त्याला ते आठवलं.
पेपरात आलं, नायकाची ती स्तब्धता अविस्मरणीय.
अण्णांनी कात्रण जपून ठेवलं.

आम्ही ते प्रधानांच्या घरी, सतरंजीवर बसून पाहत होतो.
पाण्याचा घोट अर्धा गिळून झाला नाही तोच
पडद्यावर पाटी : व्यत्ययाबद्दल क्षमस्व.
म्हणून पुढचं मला ऐकूनच ठाऊक.

मग केईएमचा तो व्हरांडा.
दार ढकलून एक कोवळा डॉक्टर आला,
चष्मा काढला,
अण्णांकडे पाहिलं आणि अडखळला.
त्यानं ओळखलं होतं त्यांना.
अण्णाच म्हणाले,
चष्मा आधी नाही, वाक्य झाल्यावर काढायचा. बोला.

रात्री बाकावर, बऱ्याच वेळानं :
मी घाई करत होतो गं.
सगळ्याच सिनेमांत.

त्यानंतर त्यांनी डॉक्टर केला नाही.
वकील केले, फौजदार केले, भाड्याच्या कपड्यांत,
पंधरा रुपये कमी घेऊन.
कोट मी शाळेत विज्ञानाच्या तासाला वापरला.
बाह्या दुमडाव्या लागत.

परवा रात्री झोप येईना, टीव्ही लावला.
कुठलासा जुना सिनेमा, नायिका रडत होती,
चेहराभर ती.
आणि तिच्या खांद्यावर, चौकटीच्या कडेला,
एक हात.
अंगठ्याखाली स्टोव्हच्या भडक्याचा डाग,
मी तिसरीत असतानाचा.

बाकी अण्णा चौकटीबाहेर होते.
हात मात्र घाईत नव्हता.